फ्लॉरेन्समध्ये माझ्या शेजारून चाललेल्या मुलीस

प्रिय मुली,

तुझं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. तुला न विचारता ते चारचौघांत आणणं बरं नाही. पण ऑक्टोबरातल्या त्या गुरुवारी सकाळी निळा स्कार्फ गुंडाळून उभी असलेली, नाशिकची, फ्लॉरेन्सला जुन्या चित्रांच्या जतनाचं शिक्षण घेणारी मुलगी म्हणजे तूच, हे वाचताना तुझ्या लक्षात येईल. तुझा फोन नंबर घ्यायचा राहून गेला. म्हणून हे उघडं पत्र. कुणाकडून तरी फिरत फिरत तुझ्यापर्यंत पोहोचेल, अशी आशा आहे.

त्या दिवशी मी एकटीच आले होते. प्रबोधनकाळातल्या कर्तबगार बायकांवरची ती पायी फेरी लेकीने आम्हा दोघींसाठी ठरवली होती. ऐन वेळी तिला ऑफिसचं काम निघालं आणि ती हॉटेलवरच अडकली. इंग्रजी मला वाचता येतं. पण ती इटालियन गाइड भराभर बोलायची आणि कानात घालायला दिलेलं यंत्र नुसतं खरखरत होतं. पहिल्या दहा मिनिटांत मी ठरवून टाकलं होतं की आता मागच्या मागे परत जायचं. तेवढ्यात तू फोनवर म्हणालीस, "अगं आई, नंतर करते, टूर सुरू झालीये." मी वळून पाहिलं. माझ्या चेहऱ्यावर काय दिसलं कुणास ठाऊक, पण तू सरळ जवळ आलीस आणि म्हणालीस, "काकू, ऐकू येत नाहीये ना? मी सांगते." पुढचे तीन तास तू सांगत राहिलीस.

सुरुवातच मनात घर करून राहिली आहे. मला वाटलं होतं, एखाद्या राणीच्या महालापासून सुरू होईल. आपण उभे होतो सान्तिस्सिमा अन्नुन्झियाताच्या चौकात, टाकलेल्या मुलांसाठी बांधलेल्या 'इनोचेन्ती'समोर. वास्तुकार ब्रुनेलेस्कीने 1419 मध्ये काम सुरू केलेली ती ओसरी, सडपातळ खांब, कमानींच्या मधोमध निळ्या गोलांत दुपट्यात गुंडाळलेली, शिल्पकार आंद्रेआ देल्ला रोब्बियाने घडवलेली बाळं. रेशीम व्यापाऱ्यांच्या संघाने पैसा दिला होता. 5 फेब्रुवारी 1445 ला इथे पहिलं मूल आलं, ती मुलगी. संत आगाथाचा दिवस होता म्हणून आगाता, आगाता स्मेराल्दा. आणि पुढेही मुलग्यांपेक्षा मुलीच जास्त आल्या, हे गाइडने सांगितलं तेव्हा तू क्षणभर थांबलीस, मग मराठीत सांगितलंस. त्या वाक्याला भाषांतराची तशी गरज नव्हती. आपल्याला ते आधीपासून ठाऊक होतं.

ओसरीच्या टोकाला जाळीची खिडकी आहे. चार शतकं, 1875 पर्यंत, इथेच मुलं सोडली जात, असं तिथल्या शिळेवर कोरलंय. तू शेवटची ओळ वाचून दाखवलीस, दारं न लावणाऱ्या करुणेविषयीची. आत संग्रहालयात लहान लहान खण आहेत. प्रत्येक खणावर मुलाचं नाव आणि आत आईने सोबत ठेवलेली खूण. अर्धं कापलेलं पदक, एखादा मणी, फितीचा तुकडा. उरलेलं अर्धं पदक आईकडे. कधी दिवस पालटले आणि मूल न्यायला आली, तर दोन अर्धुकं जुळवून ओळख पटवायची. मी एक खण उघडला, आतलं ते कापलेलं पदक पाहिलं आणि मला पुढे जाववेना. तू घाई केली नाहीस. गट पुढे गेला तरी तू माझ्याजवळ उभी राहिलीस. या एका गोष्टीसाठी तुझे आभार मानायचे ठरवले असते, तरी हे पत्र लिहायला पुरलं असतं.

मेदिची राजवाड्यापाशी मात्र आपण दोघी हसलो, आठवतंय? फ्लॉरेन्सवर सत्ता गाजवणाऱ्या मेदिची घराण्यातल्या लोरेंझोची आई लुक्रेझिया तोर्नाबुओनी. स्वतः धार्मिक काव्यं लिहिणारी, ज्युडिथ आणि एस्तेर या बायबलमधल्या शूर बायकांच्या कथा पद्यात रचणारी बाई. ती 1467 मध्ये रोमला गेली लेकासाठी मुलगी बघायला. नवऱ्याला पत्र लिहिलं की मुलगी चांगल्या उंचीची आहे, गोरी आहे, चेहरा जरा गोल पण वाईट नाही, मान थोडी बारीक, हात लांबसडक. आपल्या पोरी मान ताठ ठेवतात तशी ही ठेवत नाही. आणि शेवटी, मुलगी चारचौघींत उजवी आहे, पण आपल्या लेकींची सर नाही. तू हे सांगत होतीस आणि मला आमच्या आत्याबाईंचा आवाज ऐकू येत होता. ती मुलगी म्हणजे क्लारिचे ओर्सिनी. 1469 मध्ये लग्न झालं, 6000 फ्लोरिन, म्हणजे तिथली सोन्याची नाणी, हुंडा. ज्या बाईने ज्युडिथच्या पराक्रमावर कविता केली, तीच परक्या लेकीची मान आणि हात मोजत होती. गाइडने हे झाकलं नाही, तूही गुळमुळीत केलं नाहीस. मला ते फार आवडलं. कर्तबगार बायकांच्या गोष्टी सांगताना त्यांना देव्हाऱ्यात बसवायची आपल्याला खोड आहे. देव्हाऱ्यात बसवली की त्या बाईला काही विचारता येत नाही.

याच घराण्यात 1519 साली जन्मलेल्या कातेरिनाची गोष्टही तू भरभर सांगितलीस. जन्मानंतर काही आठवड्यांतच पोरकी झालेली, लहानपणी शहराची ओलीस म्हणून मठांत ठेवलेली, चौदाव्या वर्षी लग्न करून फ्रान्सला गेलेली आणि पुढे तिथली राणी झालेली. तिच्यावर वेगळी फेरी काढावी लागेल, असं गाइड म्हणाली, ते खरंच आहे.

मला जास्त लागली ती आलेस्सान्द्रा माचिंगी स्त्रोझ्झी. स्त्रोझ्झींच्या त्या दगडी, अवाढव्य महालाच्या सावलीत आपण उभे होतो. पण 1489 मध्ये त्याची पायाभरणी झाली तेव्हा ती नव्हती, 1471 मध्येच गेली होती. तिच्या नवऱ्याला 1434 मध्ये हद्दपार केलं, तो परत आलाच नाही. पुढे मुलगेही हद्दपारीतच राहिले. ही बाई फ्लॉरेन्समध्ये कर भरत, जमिनी विकत, लेकींची लग्नं करत मुलांना पत्रं लिहीत राहिली. सत्तरच्या वर पत्रं टिकली आहेत. 1447 मध्ये कातेरिना या लेकीचं लग्न ठरलं ते तिने मोठ्या मुलाला कळवलं. हुंडा 1000 फ्लोरिन. याहून वरचं घराणं हवं असतं, तर 1400–1500 मोजावे लागले असते. आणि त्याच पत्रात, लेक बाहेर पडेल तेव्हा तिच्या अंगावर 400 फ्लोरिनहून जास्त ऐवज असेल, हे किती अभिमानाने! घरचा हिशेब आणि लेकीचं कौतुक एकाच दमात. धाकटा मात्तेओ बाप गेल्यावर जन्मलेला. त्याला दूर पाठवायला तिचं मन घेईना. शेवटी पाठवला आणि 1459 मध्ये तो नेपल्सला वारला. आई असून जवळ नव्हती. थोरला फिलिप्पो 1466 मध्ये परत येऊ शकला, तेवढं तिने डोळ्यांनी पाहिलं. तो महाल त्यानेच बांधायला घेतला.

महाल बघायला रांगा लागतात. पण त्या शतकातलं घर आतून कसं चालायचं ते आपल्याला कळतं या बाईच्या पत्रांमुळे. तू त्या वेळी म्हणालीस, "काकू, ही पुस्तक लिहायला बसलीच नव्हती. ती फक्त पोरांना पत्रं लिहीत होती." हे मी घरी आल्यावर वहीत लिहून ठेवलं आहे.

मग सान्ता मारिया नोव्हेल्ला, तिथल्या चर्चचं संग्रहालय. तिथे तुझा आवाजच बदलला. हा तुझा विषय. प्लाउतिल्ला नेल्ली, सान मार्को चौकातल्या मठातली नन, जन्म 1524. चित्रकला स्वतःची स्वतः शिकलेली. तिचं येशूच्या 'शेवटच्या भोजना'चं चित्र सुमारे सात मीटर लांब, तेरा माणसं जवळजवळ खऱ्या माणसांएवढी. कलावंतांची चरित्रं लिहिणाऱ्या वासारीने आपल्या पुस्तकाच्या 1568 च्या आवृत्तीत तिच्याविषयी लिहिलं, की पुरुषांना मिळतो तसा प्रत्यक्ष माणसं समोर ठेवून अभ्यास करायला मिळाला असता, तर तिने अद्भुत कामं केली असती. म्हणजे तिच्या काळातल्या माणसालाही अडचण कुठे होती ते दिसत होतं. पुढे मठ बंद झाला, चित्र इथे आलं आणि पिढ्यान्‌पिढ्या लोकांच्या नजरेआड राहिलं. चार वर्षांच्या कामानंतर ऑक्टोबर 2019 पासून ते सगळ्यांना पाहायला मिळतंय, आणि ते काम बायकांनीच केलं.

तू मला टेबलावरचं जेवण दाखवलंस. कोकराचं मांस, पाव, वाइन आणि लेट्यूसची पानं, घेवड्यासारख्या शेंगा. रोज पंगतीची तयारी करणाऱ्या बाईने काढलेलं ते ताट आहे, हे सांगावं लागत नाही. मग वर डाव्या कोपऱ्याकडे बोट केलंस. तिथे तिची सही आणि खाली लॅटिनमध्ये, चित्रकर्तीसाठी प्रार्थना करा. 'चित्रकर्ती' हा शब्द तू तिथेच, विचार करून निवडलास. आधी 'चित्रकारासाठी' म्हणालीस, मग स्वतःच थांबलीस. "नाही काकू, तिने स्त्रीलिंगी शब्द लिहिलाय, मुद्दाम." त्या दुरुस्तीसाठी वेगळे आभार.

चित्रातला उडालेला रंग भरताना बारीक बारीक रेघांनी भरायला तुम्हाला शिकवतात, हेही तू तिथेच सांगितलंस. लांबून एकसंध दिसलं पाहिजे, पण जवळून पाहिलं की कळलं पाहिजे, हे आपलं, हे तिचं. मी तुझी बोटं पाहत होते. नखांच्या कडेला रंग होता. मी सहज बोलून गेले की माझ्या आईची बोटंही अशीच असायची, काळी. ती कोल्हापुरात छापखान्यात खिळे, म्हणजे छपाईची शिशाची अक्षरं, जुळवायची.

तू एकदम थांबलीस. "कंपोझिटर होत्या? मग तुम्हाला एक जागा दाखवायलाच हवी." फेरी संपली होती, गट पांगला होता, तुला क्लासला जायचं होतं. तरी तू मला व्हिया देल्ला स्कालाने दहा मिनिटं चालवत नेलंस, सान जाकोपो दि रिपोली या जुन्या मठाच्या भिंतीपाशी. तिथे पाहायला काही नाही. साधं देऊळ, साधा रस्ता, भरधाव स्कूटर. पण 1476 ते 1484 या काळात या मठात छापखाना होता आणि तिथल्या नन खिळे जुळवायच्या. छापखान्याची हिशेबाची वही आजही टिकून आहे, त्यात ते नोंदलेलं आहे. प्लेटोचे ग्रंथ फिचिनोच्या लॅटिन भाषांतरात पहिल्यांदा छापले गेले ते याच छापखान्यात. आपल्याकडे गोव्यात छापखाना आला 1556 मध्ये. त्याच्या ऐंशी वर्षं आधी इथे बायका हातात स्टिक, म्हणजे खिळे ओळीत लावायचं हत्यार, धरून ओळी भरत होत्या!

माझ्या आईने एकवीस वर्षं ते काम केलं. काना, मात्रा, वेलांटी, रफार, प्रत्येकाचा खिळा वेगळा, प्रत्येकाचा खण वेगळा. तिचे हात न बघता जायचे. उलटी अक्षरं ती सुलट अक्षरांपेक्षा वेगाने वाचायची. पाठ्यपुस्तकं, लग्नपत्रिका, देवळाच्या पावत्या, एकदा एक मोठा ज्ञानकोशासारखा ग्रंथ. जेवणानंतर गुळाचा खडा खायची, शिशाने पोट बिघडू नये म्हणून. पुस्तकावर लेखकाचं नाव यायचं, प्रकाशकाचं यायचं, मुद्रकाचं यायचं. मला लहानपणी त्यात काही खटकलं नव्हतं, मोठेपणीही नाही. त्या भिंतीपाशी खटकलं.

आणि तेव्हा तू विचारलंस, "आईंचं नाव काय होतं?"

आई जाऊन सोळा वर्षं झाली. दाखल्यावर, बँकेत, तलाठ्याकडे तिचं नाव मी अनेकदा सांगितलं असेल. पण ती काय काम करायची ते ऐकून, त्यानंतर तिचं नाव विचारणारी तू पहिलीच. मी सांगितलं. तू ते एकदा मोठ्याने म्हणालीस, त्या रस्त्यावर, नीट, पूर्ण. मग घड्याळ पाहिलंस आणि पळालीस.

परत आल्यावर मी माळ्यावरची ट्रंक काढली. आईची स्टिक सापडली. घासलेटने पुसली, गंज निघाला. कधी नाशिकला आलीस तर कोल्हापूरपर्यंत ये. ती तुझ्या हातात द्यायची आहे. दिसते त्यापेक्षा जड आहे. डाव्या हातात धरायची असते आणि अंगठा सतत शेवटच्या खिळ्यावर ठेवायचा, म्हणजे ओळ पडत नाही.

तुझी,
त्या दिवशीची काकू