घराणं एका काकामुळे बुडत नाही

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या पुरवणीत इंग्लंडच्या यॉर्क घराण्यावरचा लेख वाचला. विषय मस्त निवडलात, पण हेडिंगपासून शेवटपर्यंत एकच सूर, की तिसरा रिचर्ड नावाच्या काकाने दोन पुतण्यांना लंडनच्या टॉवरमध्ये गायब केलं आणि म्हणून घराणं बुडालं. पुण्यातल्या माणसाला हे लगेच पटतं, "काका मला वाचवा" ऐकतच मोठे झालोय आपण. पण नारायणरावांचा खून झाला ३० ऑगस्ट १७७३ ला आणि पेशवाई त्यानंतरही १८१८ पर्यंत चालली. मग यॉर्कवाले दोन वर्षांत कसे आटोपले? लेखात या प्रश्नाला हातच घातलेला नाही.

मुळात हे लोक वर आले तेच चुलतभावांशी भांडून. तिसऱ्या रिचर्डचा बाप, त्याचंही नाव रिचर्ड, ड्यूक ऑफ यॉर्क, डिसेंबर १४६० मध्ये वेकफिल्डला मारला गेला आणि त्याचं मुंडकं कागदी मुकुट घालून यॉर्क शहराच्या वेशीवर टांगलं, आणि तीन महिन्यांत त्याच्या १८ वर्षांच्या पोराने, म्हणजे तिसऱ्या रिचर्डच्या थोरल्या भावाने, एडवर्डने, टाउटनला लँकेस्टरवाल्यांचा, म्हणजे याच चुलत घराण्याचा, पार धुव्वा उडवला. २९ मार्च १४६१, भर बर्फाचं वादळ, वारा यॉर्कवाल्यांच्या पाठीमागून, त्यामुळे त्यांचे बाण लांब जायचे आणि समोरच्यांचे बर्फातच अलीकडे पडायचे, तर यांनी पुढे जाऊन तेच बाण उचलून परत मारले. त्या वेळच्या पत्रांमध्ये मेलेल्यांचा आकडा २८ हजार दिलाय, तो फुगवलेला वाटतो, पण लढाई भयंकर झाली यात वाद नाही. तुमच्या लेखात टाउटनला एक ओळ पण नाही!

आता खरी गोम. या चौथ्या एडवर्डने १४६४ मध्ये गुपचूप लग्न केलं, एलिझाबेथ वुडव्हिल नावाच्या विधवेशी, पहिल्या नवऱ्याची दोन मुलं पदरात, आणि तो नवरा लँकेस्टरच्या बाजूने लढताना मेलेला. इकडे अर्ल ऑफ वॉरिक, म्हणजे ज्याच्या जोरावर हा गादीवर बसला तो, फ्रान्सच्या राजाकडे याच्यासाठी सोयरीक जुळवत बसला होता, त्याचं तोंड काय झालं असेल विचार करा. बरं राणीची भावंडं ढीगभर, त्या सगळ्यांची लग्नं मोठमोठ्या घरांत लावायला सुरुवात झाली. राणीचा विशीतला भाऊ जॉन, त्याचं लग्न लावलं साठी उलटलेल्या श्रीमंत विधवा डचेसशी, जी वॉरिकची सख्खी आत्या! (आणि गंमत म्हणजे तीच त्याच्यापेक्षा जास्त जगली, कारण वॉरिकने १४६९ मध्ये त्याचं डोकंच उडवलं.) राजाचा सख्खा भाऊ क्लॅरन्स वॉरिकला जाऊन मिळाला, त्याचा जावई झाला, १४७० मध्ये एडवर्डला देश सोडून पळावं लागलं. १४७१ मध्ये तो परत आला, बार्नेटला वॉरिक मेला, ट्यूक्सबरीला लँकेस्टरचा राजपुत्र मेला, सगळं जिंकलं. पण क्लॅरन्सची खुमखुमी काही गेली नाही आणि १४७८ मध्ये एडवर्डने स्वतःच्या भावाला टॉवरमध्ये मारवलं. म्हणजे काकाने पुतण्यांना हात लावायच्या आधी भावाने भावाला संपवलेलं आहे, हे लेखात यायला नको?

एडवर्ड राजा म्हणून वाईट नव्हता हो. १४७५ मध्ये फ्रान्सवर फौज घेऊन गेला आणि न लढता ७५ हजार क्राउन रोख आणि दरवर्षी ५० हजार असा करार करून परत आला, मला तर हे फारच आवडलं. पण ९ एप्रिल १४८३ ला वयाच्या चाळिशीत गेला तेव्हा मागे १२ वर्षांचा मुलगा आणि त्याचा धाकटा भाऊ, म्हणजे तेच दोन पुतणे, आणि दरबारात दोन गट, राणीचे भाऊ एकीकडे आणि हेस्टिंग्ज वगैरे जुनी माणसं दुसरीकडे, एकमेकांचं तोंड न बघणारी. रिचर्डने नेमका याचा फायदा घेतला. हेस्टिंग्जच्या मदतीने राणीच्या भावाला पकडलं, मग १३ जूनला हेस्टिंग्जचंच डोकं उडवलं, आणि ६ जुलैला स्वतःला राज्याभिषेक. तीन महिने पण लागले नाहीत.

पुण्यात काय झालं? राघोबादादा पेशवे झालेच होते, पण रामशास्त्र्यांनी त्यांना दोषी ठरवलं आणि नाना फडणीस, सखारामबापू वगैरे बारभाई आपापली भांडणं बाजूला ठेवून एकत्र आले, गरोदर गंगाबाईंना पुरंदरवर नेलं, १८ एप्रिल १७७४ ला मुलगा झाला आणि ४० दिवसांच्या बाळाला पेशवाईची वस्त्रं दिली. लंडनमध्ये बारभाई झालेच नाहीत, होऊ शकणाऱ्यांपैकी निम्म्यांना रिचर्डने आधीच उडवलं होतं, आणि उरलेल्यांच्या हातात मूलच नव्हतं, दोन्ही पोरं टॉवरमध्ये. मग एडवर्डचीच जुनी माणसं चिडून परदेशात लँकेस्टरच्या बाजूच्या हेन्री ट्यूडरकडे गेली, ज्याचा गादीवरचा हक्क म्हणाल तर आईकडून आणि तोही ओढूनताणून. १४८३ च्या नाताळात त्याने फ्रान्समधल्या रेनच्या कॅथेड्रलमध्ये शपथ घेतली की एडवर्डच्या मुलीशी लग्न करेन, तिथेच त्याचा भाव वाढला. २२ ऑगस्ट १४८५ ला बॉसवर्थला रिचर्ड पडला तेव्हा समोर फक्त लँकेस्टरवाले नव्हते, यॉर्कचे नाराज लोक पण होते.

अजून एक, लेखात रिचर्डला वाळलेल्या हाताचा कुबडा म्हटलंय. २०१२ मध्ये लेस्टरच्या कार पार्कखाली त्याची हाडं सापडली, पाठीचा कणा वाकडा होता हे खरं, पण हात दोन्ही धड होते.

आणि १४८५ ला सगळं संपलं असं पण नाही. गादीवर बसलेल्या ट्यूडरने कबूल केल्याप्रमाणे एडवर्डच्या मुलीशी लग्न केलं, त्यांचा मुलगा आठवा हेन्री, त्याने १५४१ मध्ये क्लॅरन्सच्या ६७ वर्षांच्या मुलीला, मार्गारेट पोलला, त्याच टॉवरमध्ये मारवलं. नात्याने ती त्याची मावशी. लेखमाला पुढे चालू ठेवणार असाल तर कृपया सोबत एक वंशावळ छापा, जो तो एडवर्ड नाहीतर रिचर्ड, कोण कुणाचा कोण हे कळता कळत नाही.

आपला नेहमीचा वाचक,
सदाशिव पेठ, पुणे