नव्वद दिवस मोजायचे कोणी?

माननीय पंचायतमंत्री, गोवा सरकार

सप्रेम नमस्कार.

डिचोली-सत्तरीत पंचायत सचिव म्हणून नोकरी करून मी निवृत्त झालो. पंचायत कर्मचाऱ्यांच्या निलंबनाला माझा विरोध नाही. घरपट्टीच्या पावतीपुस्तकाशी खेळणाऱ्याला खुर्चीवर ठेवूच नये. दुखणे वेगळे आहे.

माझ्या एका जुन्या सहकाऱ्याच्या हातात निलंबनाचा एका परिच्छेदाचा आदेश पडला: 'चौकशी प्रस्तावित आहे.' पुढे कित्येक महिने आरोपपत्राचा पत्ता नाही. निर्वाहभत्ता म्हणून पगार अर्ध्यावर आला, आणि तोसुद्धा 'मी दुसरीकडे कामधंदा करत नाही' असे लिहून दिल्यावरच. मुख्यालय सोडायचे तर परवानगी हवी. त्या वर्षी चवथीला गणपतीवरच्या माटोळीला (फळे टांगायच्या चौकटीला) नारळ बांधता बांधता तो म्हणाला, "भाऊ, चोर म्हणा, नाहीतर सोडा. पण काहीतरी म्हणा!" मी सुतळी धरून गप्प उभा राहिलो.

आता कायदा बघा. १९६५ च्या केंद्रीय नागरी सेवा नियमांतला दहावा नियम सांगतो की ९० दिवसांच्या आत आढावा घेऊन मुदत वाढवली नाही, तर निलंबन आपोआप संपते. मागाहून आढावा घेऊन मेलेला आदेश जिवंत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने दीपक माली खटल्यात स्पष्ट केले. २०१५ साली अजयकुमार चौधरी खटल्यात तर आणखी पुढे जाऊन म्हटले, की तीन महिन्यांत आरोपपत्र दिले नाही तर निलंबन लांबवू नका. दिले असेल तर मुदतवाढीची कारणे लिहा. तीन महिन्यांनंतर भत्ता वाढवायचीही तरतूद आहे, पण तेवढ्यासाठी फाईल कोणी उघडत नाही.

मग माणूस पर्वरीला उच्च न्यायालयात जातो. सरकारी वकील तारीख मागून घेतो, आणि शेवटी निलंबनाचा आदेश रद्द होतो तो बहुधा मुदत हुकल्यामुळे. गंमत अशी, की यात खरा लबाडही सुटतो. न्यायालयाने त्याला प्रामाणिक म्हटलेले नसते, फक्त तुमच्या खात्याची तारीख चुकलेली असते. पण तो गावात पेढे वाटतो आणि थकलेला पगार तिजोरीतून घेतो. ज्याने काहीच केले नाही, त्याची मात्र वकिलाची फी भरता भरता कंबर मोडते.

मोठी समिती वगैरे नको. आदेश निघेल त्याच दिवशी फाईलच्या कव्हरवर लाल शाईने नव्वदाव्या दिवसाची तारीख घालायला सांगा, आणि आढाव्याची जबाबदारी कोणाची तेही तिथेच लिहा. तारीख हुकली तर नोटीस त्या अधिकाऱ्याला जाऊ दे. जन्म-मृत्यूच्या नोंदवहीत एक तारीख चुकली तर आम्हाला मेमो मिळायचा.

आपला,
एक निवृत्त पंचायत सचिव, डिचोली