पार्लरवाल्या बेनना, ताटली फिरवल्याबद्दल

बेन,

तुम्हाला मराठी वाचता येत नाही, म्हणून तर एवढं लिहायची हिंमत झाली. समोर येऊन आभार मानावेत तर तुम्ही "अरे भाई, छोडो" म्हणून कात्री उचलता. आणि लेडीज पार्लरच्या दारात साठीच्या बाप्यानं उभं तरी किती वेळ राहायचं? तीनदा जिना उतरलो आणि तीनदा दूध आणायला निघाल्यासारखं दाखवून पुढे गेलो. तुमच्याकडची मराठी मुलगी हे तुम्हाला वाचून दाखवेल. बाकीच्यांनीही वाचलं तर वाचू दे, काही जणांनी तर वाचायलाच हवं.

माझ्या आईचं वय ८१. बडोद्याच्या प्रभूंच्या घरातली, म्हणजे जेवणात माशाची तुकडी नसली की "आज काय उपास आहे का?" असं विचारणारी. गेल्या वर्षी तिचं पित्ताशयाचं ऑपरेशन झालं, पाठोपाठ ताप आला आणि तोंडाची चव गेली. तळलेलं बंद, नारळ बंद, तिखट बंद. आमच्या कालवणातून हे तीन काढले तर खाली हळदीचं पाणी उरतं. ५४ किलोंची आई ४३ वर आली. सौ. त्या वेळी लेकीच्या बाळंतपणाला पुण्यात, आणि घरात मी, आई आणि मुगाची खिचडी.

आता ज्यांनी मदत केली नाही त्यांच्याबद्दल. नावं घेत नाही, पण राग गेलेला नाही.

हॉस्पिटलातल्या आहारतज्ज्ञ बाईंनी झेरॉक्स केलेला तक्ता हातात दिला. आई समोर खुर्चीत बसलेली, आणि बाई मला विचारतायत, "पेशंटला दूध चालतं का? पेशंट दात लावतात का?" आईनं हळूच म्हटलं, "मला मासा खावासा वाटतो." बाईंनी ते ऐकलंसुद्धा नाही आणि तक्त्यावर 'पनीर ५० ग्रॅम' असं लिहून दिलं. मग 'लाइट एशियन कुकिंग' शिकवणाऱ्या एका क्लासला मी आगाऊ फी भरली. तिथं सगळे पदार्थ पनीरचे. माशाचं विचारलं तर बाई म्हणाल्या, "अंकल, मेथड सेम है." एका महागड्या हॉटेलातून 'स्टीम्ड फिश' मागवला, तर डब्यात कॉर्नफ्लॉवरची चकचकीत खळ आणि तिच्यात बुडालेले चार बेवारशी तुकडे. आईनं एक घास घेतला आणि ताट सरकवलं. माझ्या मामेबहिणीनं फोनवर सांगितलं, "या वयात कशाला हवेत मासे? नाम घ्यावं."

मीही काही धड केलं नाही. पापलेट आणलं, हळद-मीठ लावलं, कुकरला लावलं आणि तीन शिट्ट्या काढल्या. झाकण उघडलं तर आत भिजलेला कापूस. घरभर वास. वर गुजराती शेजार असल्यामुळे भर उन्हाळ्यात खिडक्या लावून बसलो. आई म्हणाली, "राहू दे रे. तू दमतोस."

तुम्ही वर आलात त्या आईच्या केसांसाठी. झोपून झोपून गुंता झाला होता आणि तिला जिना उतरवत नव्हता. दुकान बंद करून, पिशवीत कात्री आणि चादर घेऊन आलात. मी आपला सांगायला लागलो की यांचे केस जरा बारीकच करून टाका, धुवायला सोपे. तुम्ही माझ्याकडे पाहिलंच नाही. आईच्या समोर उकिडव्या बसलात आणि विचारलंत, "माजी, कितना छोटा? कान दिखे कि नहीं दिखे?" आईनं विचार करून सांगितलं की कान दिसू नयेत. कित्येक आठवड्यांत तिला कोणी काही विचारलं होतं आणि तिनं ठरवलं होतं, असं ते पहिलंच.

केस कापता कापता तुमचं माशावर बोलणं निघालं. तिनं तुम्हाला वाफेवरच्या अळूवड्या सांगितल्या, नवसारीकडच्या पारश्यांची केळीच्या पानातली पात्रानी मच्छी सांगितली. तुम्ही मोहरीत वाफवलेल्या बंगाली भापा इलिशवर आलात आणि मग तुमच्या घरच्या माशावर. तुम्ही म्हणालात, तुमच्याकडे वाफवलेला मासा हे आजाऱ्याचं खाणं नाही, सणाचं आहे. मासा शिळा असेल तर तळावा आणि ताजा असेल तरच वाफवावा, कारण वाफेत काहीच लपत नाही. आईचे डोळे मी पाहत होतो.

दुसऱ्या दिवशी तुम्हीच बाजारात गेलात. वेरावळकडचा बर्फातला माल, त्यातून कल्ले उचकून एक पापलेट निवडलंत, ४०० ग्रॅमचं. बरोबर कांद्याची पात, आलं आणि तुमची स्वतःची सोया सॉसची बाटली. आमच्या फडताळातली काळी बाटली हुंगून परत ठेवलीत. ती रंगाला, ही चवीला, असं म्हणालात. आईच्या प्रेशरसाठी त्यातही निम्मं गरम पाणी आणि चिमूटभर साखर.

कृती मी इथं लिहीत बसत नाही. वाफवायचं भांडं मागितलंत तेव्हा मी ओशाळून ढोकळ्याचं भांडं पुढे केलं आणि तुम्ही खळखळून हसलात. "यही तो चाहिए!" खमणासाठी घेतलेल्या त्या भांड्यानं बडोद्यात असं काम पहिल्यांदाच केलं असेल. तुमची निळ्या काठाची लांबट ताटली त्यात जेमतेम बसली. माशाखाली पातीचे दांडे आडवे घातलेत, वाफ खालूनही फिरावी म्हणून. पाणी खळाखळा उकळेपर्यंत मासा आत जाऊ दिला नाहीत. मग घड्याळ लावून आठ मिनिटं. मी दोनदा झाकणाला हात लावला आणि दोन्ही वेळा तुम्ही हातावर चापट मारलीत. "मछली मटन नहीं है, भाई."

झाकण काढल्यावर ताटलीत गढूळ पाणी साचलं होतं. मी ते रस्सा समजून चमचा शोधत होतो, तुम्ही सरळ मोरीत ओतलंत. सगळा उग्र वास त्याच पाण्यात असतो म्हणे. एवढी वर्षं आम्ही खिडक्या लावल्या त्या ह्या वाटीभर पाण्यापायी! मग माशावर आल्याच्या आणि पातीच्या केसासारख्या सळ्या आल्या आणि त्यावर एकच चमचा कडकडीत तेल. घरात सिंगतेलच आहे म्हटल्यावर तुमचा चेहरा खुलला. तुमच्या आजीकडेही शेंगदाण्याचंच असायचं. तेल पडलं आणि छन्न झालं. आई आतून म्हणाली, "कसली रे फोडणी?"

आता जे सांगायला हे पत्र लिहितोय ते.

मी ताटली टेबलावर ठेवली, जशी हातात आली तशी, माशाचं डोकं भिंतीकडे. आईसाठी बशीत एक मऊ तुकडा काढायला मी चमचा घेतला, कारण पेशंटला असंच देतात. तुम्ही माझा हात बाजूला केलात. ताटली दोन बोटांनी धरून सावकाश फिरवलीत, माशाचं तोंड नेमकं आईकडे येईपर्यंत, आणि खुर्चीत हात मांडीवर घेऊन बसलात. मला काही कळेना. तुम्ही म्हणालात, "मछली का मुँह सबसे बड़े की तरफ. माजी शुरू करेंगी, तब हम."

आईनं तुमच्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. पदर सारखा केला. मी चमचा पुढे करतोय तोवर तुम्ही म्हणालात, "हाथ से खाइए, काँटा हाथ को पता चलता है." आईनं पाठीच्या काट्यावरून अंगठ्यानं मांस सोडवलं, पंचवीस माणसांच्या पंगतीला वाढणारी बाई सोडवते तसं, आणि पहिला घास घेतला. बराच वेळ चावत राहिली. मग म्हणाली, "मीठ बरोबर आहे."

त्या दिवशी तिनं पाऊण मासा खाल्ला. गालाजवळचं मऊ मांस तुम्ही काड्यांनी काढून तिच्या बशीत ठेवलंत, ते तिनं मला दिलं आणि तुम्ही मला रागावलात. मी स्वयंपाकघरात जाऊन आल्याची सालं गोळा करत बसलो. नाक गळत होतं ते आल्यामुळे, असं तुम्हाला सांगितलं होतं. नव्हतं.

बेन, एक गोष्ट मनाला लागून राहिली आहे. तुम्ही दुकान घेतलंत तेव्हा पहिल्याच आठवड्यात मी विचारलं होतं, "चीनहून कधी आलात?" तुम्ही शांतपणे म्हणालात, "कलकत्ता. टांगरा." म्हणजे तिथली चिनी वस्ती. पुढचं आईला सांगितलंत, मला नाही. की वडिलांचं घर आसामात माकुमला होतं. १९६२च्या चीन युद्धात घरच्यांबरोबर त्यांनाही उचलून राजस्थानातल्या देवलीच्या छावणीत ठेवलं. तिथं अशी चिनी वंशाची सुमारे ३,००० माणसं होती, इथंच जन्मलेलीही, आणि तुमचे वडील तेव्हा दहा वर्षांचे. सुटून आले तेव्हा घर राहिलेलं नव्हतं. आमची माणसं गायकवाडांचे दिवाण रावजी आप्पाजी यांच्या काळापासून, म्हणजे दोनशेहून जास्त वर्षं बडोद्यात, आणि तरी आजही कुणी ना कुणी विचारतं, "तुमचं गाव महाराष्ट्रात कुठलं?" मला त्याचा राग येतो. तोच प्रश्न मी तुम्हाला विचारला. ज्या माणसाच्या बापाशी असं वागलं गेलं, तिनं शेजारच्या म्हातारीसाठी दुकान बंद ठेवावं याचा जमाखर्च मला मांडता येत नाही. पदव्या आणि तक्ते असणाऱ्यांकडे नसतं ते हे असतं, एवढंच कळतं. माणूस समोर बसलेला आहे, हे दिसणं.

संध्याकाळी वरच्या काकी जिन्यात भेटल्या. माझ्या पोटात गोळा. त्या म्हणाल्या, "आजे दाळमां आदु वधारे नाख्युं छे के शुं? बहु सरस सुगंध आवती हती." मी म्हटलं, हो, आलं जरा जास्तच पडलं.

आता दर रविवारी मासा असतो. कधी पापलेट, कधी जिताड्याच्या तुकड्या, आणि पापलेट परवडत नाही तेव्हा रोहू. पण त्याचे काटे काढता काढता आठ मिनिटांचा स्वयंपाक तासाचं जेवण होतो. आईचं वजन ४७ आहे. मागच्या रविवारी माझी गडबड झाली आणि ताटली पुन्हा उलटीच ठेवली गेली. आई काही बोलली नाही. दोन बोटं लावली आणि तिनंच ती फिरवली.

तुमची निळ्या काठाची ताटली अजून आमच्याकडेच आहे. मी दोनदा धुऊन, पुसून, कागदात गुंडाळून खाली आणायला निघालो, पण भांडं रिकामं परत द्यायचं नाही असा आईचा दंडक. आणि साधंसुधं काही भरलेलंही तिला चालत नाही. तिला त्यातून निनावं पाठवायचं आहे, आमच्याकडचं गोड पक्वान्न, आणि ते होतं श्रावणाच्या शेवटी. मी सांगून पाहिलं की त्याला अजून चार महिने आहेत. तर म्हणाली, मग चार महिने राहू दे. तेव्हा तुम्हाला मध्येच लागली तर वर येऊन मागून बघा. मिळणार नाही, हे आत्ताच सांगून ठेवतो.

तुमचा,
दुसऱ्या मजल्यावरचा भाई