आप्पास पत्र

अमळनेर

प्रिय आप्पा,

राम राम. वहिनींचा फोन आला होता. त्यांच्यावर रागवू नकोस. लग्नात फटाक्यांची लड लागली, तू ट्रॉलीखाली शिरलास, पोरं हसली आणि तू न जेवता निघून गेलास, एवढंच बोलल्या. रात्रीच्या लाइटीला केळीला पाणी भरायचं निमित्त करून झोप टाळतोस, हे मीच ओळखलं. मीही कपाशीत तेच करायचो.

तू म्हणशील, कारगिलच्या लढाईत द्रासला १९९९ साली झालेलं आता कशाला उकरतो? मी डॉक्टरांना हेच विचारलं होतं. ते म्हणाले, पलटणीत रोल कॉल, पीटी, ड्यूटी आणि आजूबाजूला आपल्यासारखीच माणसं. पेन्शनीला आलं की हा आधार सुटतो आणि दबलेलं वर येतं. अंग अजून संतरी ड्यूटीवरच आहे, बदली करणारा आलाच नाही.

पहिल्या महायुद्धात याला शेल शॉक म्हणत. तेव्हा अशा काही जवानांना पळपुटे ठरवून गोळ्या घातल्या. १९८० मध्ये अमेरिकेतल्या मनोविकारतज्ज्ञांनी पीटीएसडी, म्हणजे मोठ्या धक्क्यानंतर मनावर राहणारा ताण, या नावाने तो आजारांच्या यादीत घेतला. गावाकडे मात्र अजून 'बाहेरचं लागलं' म्हणतात. तुझ्या काकांनी भगत आणलाच असेल! उतारा करून घे हवं तर, काकांचं मन राहील. पण कँटीनच्या रमवर झोपू नकोस. ती डोळा लावते आणि मध्यरात्री उठवून बसवते.

माझं म्हणशील तर गोळ्यांचा गुण यायला काही आठवडे गेले. खरा फरक बोलल्याने पडला. त्या रात्रीचं सगळं, आपल्या नाईकसाहेबांसकट, डॉक्टरांसमोर पुन्हा पुन्हा सांगावं लागतं. पहिल्यांदा घाम फुटला, उठून बाहेर आलो. आता सांगून घरी येतो आणि जेवतो. दिवाळीत मात्र अजून दार लावून घेतो, खोटं कशाला बोलू.

मंगळवारी जळगावला ये. ईसीएचएसचं, म्हणजे आपल्या माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचं कार्ड आण, त्यांच्या पॉलिक्लिनिकमधून रेफरल घेऊ. मी स्टँडवर थांबतो. त्याआधी एखादी रात्र जड गेली तर १४४१६ लाव, टेली-मानस या मनाच्या आजारांसाठीच्या सरकारी हेल्पलाइनचा नंबर आहे, फुकट आहे, मराठीत बोलतात. नाहीतर मला उठव.

नाही आलास तर बुधवारी मीच तुझ्या ओट्यावर हजर. वहिनींना सांगून ठेव, कळण्याची भाकरी आणि भरीत लागेल.

तुझा,
नाना