शशिकला सोलापूरच्या होत्या

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत हिंदी सिनेमातल्या जुन्या खलनायिकांवरचा लेख वाचला. शशिकला यांच्या वाट्याला त्यात दोनच ओळी आल्या, आणि त्या सोलापूरच्या हे तर कुठंच नव्हतं. सोलापुरात वाचल्या जाणाऱ्या पुरवणीत हे राहून जावं याचं वाईट वाटलं, म्हणून हे पत्र.

4 ऑगस्ट 1932 ला त्यांचा जन्म आपल्या गावात झाला. माहेरचं आडनाव जवळकर, वडिलांचा कापडाचा मोठा व्यापार. शाळेत जायच्या वयाच्या आधीपासून ही पोर जिल्ह्यात गावोगावी स्टेजवर नाचायची, गायची. पुढं वडिलांचं दिवाळं निघालं आणि सगळं कुटुंब मुंबईला गेलं. धंदा बसला की घरातल्या लेकरांवर काय वेळ येते, हे गिरण्या बंद पडलेल्या आपल्या गावाला वेगळं सांगायला नको. स्टुडिओंचे उंबरे झिजवताना नूरजहाँ यांची नजर तिच्यावर पडली आणि 1945 च्या 'झीनत'मधल्या कव्वालीत तिला जागा मिळाली.

माझी आई विड्या वळायची. चार पैसे हाताशी राहिले की शेजारच्या बायकांबरोबर टॉकीजला जायची. 'आरती'मध्ये घर फोडणारी शशिकला पडद्यावर आली की या बायका कडाकडा बोटं मोडायच्या. "ही बया मला रस्त्यात भेटायला पाहिजे," असं आई घरी येऊनसुद्धा म्हणायची. समोर मीनाकुमारीसारखी नटी असताना आई आठवण काढायची ती या बाईची! त्या कामाला फिल्मफेअर मिळालं, आणि लगेच 'गुमराह'लाही.

'गुमराह' मी पुढं मॅटिनीला पाहिला. यात ती माला सिन्हाला धमकावून पैसे उकळते. पण ओरडत नाही. हसतमुखानं, गोड आवाजात बोलते आणि नजर मात्र समोरच्या बाईवरून हलू देत नाही. माला सिन्हाच्या आधी आपल्यालाच घाम फुटतो. आरडाओरडा करणाऱ्या खलनायिका पुष्कळ झाल्या, इतक्या शांतपणे भीती घालणारी मला दुसरी दिसली नाही.

मात्र तेवढ्यावरून त्यांना एका खणात टाकू नका. 1959 च्या 'सुजाता'त त्या रमा आहेत, घरातली सख्खी मुलगी. सुजाताला त्या घरात वाढवलेलं, पण अस्पृश्य म्हणून आईच्या मायेला ती कायम पारखी. रमाच्या मनात मात्र तिच्याविषयी तसूभर अढी नाही. असं सरळ, निर्मळ पात्र साकारणं दुष्टपणा दाखवण्यापेक्षा कठीण, असं मला वाटतं. 1966 च्या 'अनुपमा'त तर शर्मिला टागोर गप्प गप्प आणि शशिकला अखंड बडबड करणारी, हसणारी. 'भीगी भीगी फज़ा' हे आशाताईंचं गाणं त्यांच्यावरच आहे. त्या पोरीमुळे त्या उदास घरात वारा येतो. 'आरती' आणि 'अनुपमा' लागोपाठ बघा, एकच बाई आहे यावर विश्वास बसत नाही.

पुढं त्या सिनेमापासून दूर झाल्या आणि कोलकात्यात मदर तेरेसांच्या संस्थेत आजाऱ्यांची सेवा केली. 2007 मध्ये पद्मश्री मिळाली. 4 एप्रिल 2021 ला मुंबईत त्या गेल्या.

डॉ. कोटणीसांचं भैया चौकातलं घर आपण स्मारक म्हणून जपलं, याचा मला अभिमान आहे. 2032 मध्ये शशिकला यांची जन्मशताब्दी येईल. महापालिकेनं तोवर थांबू नये. दरवर्षी 4 ऑगस्टला हुतात्मा स्मृती मंदिरात त्यांचा एक सिनेमा दाखवावा, तिकीट नको, आणि सुरुवात 'सुजाता'नं करावी. आणि आपल्या दैनिकाला विनंती, की त्यांच्या लहानपणीच्या कार्यक्रमांचे फोटो, हँडबिलं गावात कुणाच्या ट्रंकेत असतील तर ती मागवून छापावीत. जुनी माणसं आहेत तोवरच हे होईल.

कळावे,
आपली एक वाचक,
साखर पेठ, सोलापूर