करिअर पुरवणीत जमाखर्च पण छापा की

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

दहावी बारावीचा निकाल लागला की तुमच्या पेपरसोबत करिअरची पुरवणी येते, ती मी ऑफिसात टेबलावर ठेवून देतो कारण कागद घेऊन येणारे पालक बसल्याबसल्या तीच चाळतात. यंदाची मी पण नीट वाचली. इंजिनिअरिंग, नर्सिंग, स्पर्धा परीक्षा, एआय, हॉटेल मॅनेजमेंट, मग परत इंजिनिअरिंग. असू द्या, ज्याला करायचंय त्याच्या कामाचं आहे. पण आतल्या पानावर "हटके करिअर" म्हणून एक चौकट होती, त्यात चार ओळीत संगीत आणि चार ओळीत साहसी खेळ उरकलेत, आणि शेवटी "आवड असेल तर अमाप संधी" असं ठोकून दिलंय. अमाप म्हणजे मोजलीच नाही ना कुणी, मी मोजतो, माझा धंदाच तो आहे, म्हणून हे पत्र.

मी टॅक्सची कामं करतो. यंत्रमागवाले, किराणावाले, दोन चार डॉक्टर, शेंगाचटणीचा घरगुती धंदा करणाऱ्या बायका असे आपले सोलापुरी क्लायंट. त्यात दोन तरुण आहेत जे कुठल्याच खान्यात बसत नाहीत. एक पोरगा ख्रिस्ती गाण्यांचा म्युझिक प्रोड्युसर आहे, घरातल्या एका खोलीला आतनं फोम लावून स्टुडिओ केलाय. आणि एक मुलगी ओपन वॉटर स्विमर आहे, म्हणजे टँकमध्ये इकडून तिकडं पोहणारी नाही, समुद्रात, धरणात लांब पल्ल्याचं पोहणारी. (समुद्र आपल्यापासून शेकडो किलोमीटर, तरी.) रिटर्न भरताना व्यवसायाचा कोड टाकावा लागतो, बाकी सगळ्यांचा मी डोळे झाकून टाकतो, या दोघांच्या वेळी मात्र खुर्ची मागं सरकवून विचार करावा लागतो. दोघांना विचारूनच लिहितोय, नावं नको म्हणाले.

आधी त्या पोराचं सांगतो. त्याच्याकडं एखादे पाळकसाहेब, म्हणजे चर्चचे पास्टर, येतात, मोबाईलवर गुणगुणलेली एक चाल असते, ना स्केल धड ना ताल. तो आधी गाणाऱ्याच्या गळ्याप्रमाणं पट्टी ठरवतो, लय बांधतो, कीबोर्डवर कच्चं वाजवून घेतो, ढोलकी तबला परवडत असेल तर माणूस बोलावतो नाहीतर सॅम्पलवर, म्हणजे कॉम्प्युटरमधल्या तयार आवाजांवर भागवतो, मग गाणाऱ्याला हेडफोन लावून एकेक ओळ दहादा गाऊन घेतो, सूर सरळ करतो, मिक्सिंग, मास्टरिंग, आणि सगळं झाल्यावर पार्टी म्हणते "आता बिनआवाजाचा ट्रॅक पण द्या की, उपासनेत गायला लागतो". त्याचे वेगळे पैसे कुणी देत नाही. ऑक्टोबरपासनं नाताळपर्यंत झोप नाही, परत गुड फ्रायडे ईस्टरच्या आधी थोडी गर्दी, आणि पावसाळ्यात शाळेच्या गॅदरिंगचे ट्रॅक कापत बसायचं. पण सोलापूरचा एक फायदा त्याला झालाय जो पुण्यामुंबईच्या स्टुडिओवाल्याला सहज मिळत नाही, इथं मराठी, तेलुगू, कन्नड तिन्ही भाषांच्या मंडळ्या, म्हणजे चर्चला जाणाऱ्यांचे गट, आहेत आणि तेलुगू ख्रिस्ती गाण्यांना तर आंध्र तेलंगणात प्रचंड श्रोता आहे, त्यामुळं याचं निम्मं अर्धं काम तेलुगूचं असतं. सोलापूरच्या पूर्व भागात, तेलुगू वस्तीत वाढलेल्या पोराला तेलुगू काही क्लास लावून शिकावी लागत नाही. हे तुमच्या चौकटीत यायला पाहिजे होतं की नको?

ख्रिस्ती गाणं म्हटलं की लोकांना वाटतं गिटार घेऊन इंग्रजी स्टाईलचं काहीतरी असणार. अहो, फादर स्टीफन्स नावाच्या इंग्रज माणसानं येशूची कथा मराठी ओव्यांत लिहून ती गोव्यात छापली ते साल १६१६, शिवाजी महाराजांचा जन्म पण व्हायचा होता तेव्हा. पुढं रेव्हरंड टिळकांनी, म्हणजे नारायण वामन टिळकांनी, १८९५ साली बाप्तिस्मा घेतला आणि मराठी भजनं अभंग लिहिले, ते आजही चर्चमध्ये गातात. टिळक १९१९ ला वारले. आपल्याकडं कवी गेल्यावर साठ वर्षांनी त्याचे शब्द सगळ्यांचे होतात, म्हणजे टिळकांचे शब्द कधीच मोकळे झालेत, कुणीही नवीन चाल लावून रेकॉर्ड करावं. पण दुसऱ्या कुणी केलेलं रेकॉर्डिंग तसंच उचलून वापरता येत नाही, त्याचा हक्क वेगळा आणि तो पण साठ वर्षं चालतो. आणि अजून एक, खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत गाणं म्हटलं किंवा वाजवलं तर कॉपीराइटचा भंग होत नाही अशी कायद्यात सवलत आहे, चर्च असो की लग्नाची वरात, पण तेच उपासनेतलं गाणं यूट्यूबवर टाकलं की ती सवलत तिथं लागत नाही आणि मग स्ट्राइक, म्हणजे यूट्यूबची कॉपीराइटची नोटीस, आला म्हणून पोरं रडत येतात. हे मला माहिती आहे कारण एग्रीमेंट वाचायला माझ्याकडंच आणतात.

एग्रीमेंटचा तर वेगळाच घोळ. कायद्याप्रमाणं रेकॉर्डिंगचा मालक तो, ज्यानं पुढाकार घेऊन जबाबदारी उचलून ते करवून घेतलं. म्हणजे पैसे लावणारी मंडळी किंवा कंपनी. माझा हा पोरगा जो रात्र रात्र जागून गाणं उभं करतो तो कागदावर लिहून घेतलं नसेल तर नुसता मजूर. २०१२ ला कायदा बदलला तेव्हा गीतकार संगीतकारांना रॉयल्टीत वाटा सोडून द्यायला लावता येणार नाही अशी सोय झाली, चांगलीच गोष्ट आहे, पण अरेंज करणाऱ्याचं, म्हणजे दुसऱ्याच्या चालीला वाद्यं लावून गाणं बांधणाऱ्याचं, नाव त्यात सरळ येत नाही. मग मी त्याला सांगितलं की बाबा चाल तुझी असेल तर संगीतकार म्हणून सही कर, नुसती अरेंजमेंट असेल तर पैसे आधी घे. एका पार्टीनं मागच्या नाताळचे पैसे अजून दिले नाहीत, नाव घेत नाही, देवाच्या कामाला पैसे कसले मागतो म्हणतात. वीज बिल देवाच्या नावावर येत नाही ना पण.

बाहेर अमेरिकेत याच कामाचं केवढं मोठं झालंय ते पण बघा. नॅशव्हिलला ब्राऊन बॅनिस्टर म्हणून प्रोड्युसर आहे, त्यानं एमी ग्रांट नावाच्या शाळकरी मुलीचा पहिला अल्बम केला तो १९७७ ला आला, आणि तिचाच १९८२ चा अल्बम पुढं प्लॅटिनमपर्यंत गेला, ख्रिस्ती गाण्यात तोपर्यंत हे कुणी बघितलं नव्हतं. तिथं कंपन्या, वितरण, १९६९ पासून वेगळे पुरस्कार, सगळी साखळी आहे. एमीचं नाव जगाला माहिती, बॅनिस्टरचं नाव कव्हरच्या मागं बारीक अक्षरात. तरी त्याचं आयुष्य त्यावर उभं राहिलं, कारण त्या बारीक अक्षराला तिथं पैसा आहे. आपल्याकडं यूट्यूबच्या डिस्क्रिप्शनमध्ये पण नाव टाका म्हणून मागं लागावं लागतं.

आता त्या मुलीचं. ती विहिरीत शिकली, पाठीला डबा बांधून, जशी आपल्याकडं सगळी शिकतात. मग टँक, मग जिल्हा, मग मालवणला चिवला बीचवर समुद्री जलतरण स्पर्धा असतात तिथं. उजनीत सराव करायचा म्हटलं तर सोबत होडी पाहिजे, होडीत पोहता येणारा माणूस पाहिजे, घरच्यांची हिंमत पाहिजे. २०२४ च्या मे मध्ये कुगाव कळाशीच्या मधे वादळात बोट उलटून सहा जण गेले, त्यानंतर उजनी म्हटलं की तिच्या आईच्या पोटात गोळा येतो, आणि मी आईला दोष देणार नाही.

पण लोकांना वाटतं लांब पोहणं म्हणजे नुसता दम. खरी अडचण गारठ्याची आहे. तिचं स्वप्न इंग्लंड आणि फ्रान्सच्या मधली इंग्लिश खाडी पोहायचं. ती सगळ्यात अरुंद जागी साधारण ३३ ते ३४ किलोमीटर, आपलं धरमतर ते गेटवे पण जवळपास तेवढंच, थोडं जास्तच भरेल, पण मुंबईचं पाणी कोमट आणि तिथलं १५ ते १८ अंश, आणि वेटसूट, म्हणजे अंग गरम ठेवणारा रबरी सूट, चालत नाही, साधा पोहण्याचा ड्रेस, टोपी, गॉगल बस. बोटीला हात लावला की संपलं, खाणंपिणं काठीनं किंवा दोरीनं बाटली सोडून देतात. त्याच्या आधी १६ अंश किंवा त्याहून गार पाण्यात सहा तास पोहून दाखवायला लागतं. सोलापुरात मे महिन्यात पारा ४३-४४ ला जातो, इथं १६ अंश पाणी आणायचं कुठनं? ती बर्फाच्या लाद्या आणून ड्रममध्ये टाकून त्यात बसते, शेजारचे गेटवर येऊन बघत उभे राहतात. बर्फवाल्याची बिलं मी फाईलला लावलीत, खर्च म्हणून मान्य होतील का माहिती नाही, लावलीत.

आणि पैसा. नुसत्या पायलट बोटीचे, म्हणजे सोबत वाट दाखवत जाणाऱ्या बोटीचे, तीन हजार पौंडांच्या वर जातात, तारीख दोन दोन वर्षं आधी बुक करावी लागते, व्हिसा, विमान, सोबत माणूस, आणि तिथं गेल्यावर हवा बिघडली की खोली भाड्यानं घेऊन वाट बघत बसायचं. भरतीओहोटीमुळं सरळ रेषेत जाताच येत नाही, वाकडं तिकडं जावं लागतं, म्हणून बोटवाल्याचा अंदाज चुकला की पोहणाऱ्याची मेहनत पाण्यात, शब्दशः. आरती साहा १९५९ च्या ऑगस्टमध्ये पहिल्यांदा उतरली तेव्हा पायलट बोटच उशिरा आली, अनुकूल प्रवाह हुकला आणि किनारा जवळ दिसत असताना तिला सोडावं लागलं. महिन्याभरानं, २९ सप्टेंबरला, १६ तास २० मिनिटांत पार केली, आशियातली पहिली बाई. आपल्याकडं तिचा फोटो छापतात, बोटवाल्याचं कोण लिहितंय. मला तर तो बोटवाला आणि आमचा स्टुडिओवाला एकाच जातीचे वाटतात, दुसऱ्याला पार नेणारे.

जमाखर्चाच्या नजरेनं बघितलं तर मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते हे की या लोकांचं पोट कशावर चाललं. आरती साहा रेल्वेत नोकरीला होत्या. मिहिर सेन, ज्यांनी १९५८ ला खाडी पार केली, ते बॅरिस्टर, आणि १९६६ ला एका वर्षात पाल्कची सामुद्रधुनी, जिब्राल्टर, डार्डनेल्स, बॉस्फरस, पनामा कालवा पोहले. पुण्याचा रोहन मोरे, लांब पोहण्यासाठी जगात ठरलेल्या सातही समुद्री खाड्या पार करणारा पहिला भारतीय, २०१८ ला न्यूझीलंडची कुक सामुद्रधुनी करून पूर्ण केलं, तो कॉम्प्युटर इंजिनिअर. म्हणजे पोहण्यावर पोट नव्हतं कुणाचं, पोटाची सोय करून पोहले. हे पोरांना वेळेवर सांगा ना. माझी ही मुलगी उन्हाळ्यात लहान मुलांच्या बॅचेस घेते, दोन महिन्यांत जे येतं त्यावर वर्षाचा सराव, आणि बॅचच्या वेळी टँकचं पाणी आटलं किंवा दुरुस्ती निघाली की संपलं.

नोकरीत खेळाडूंना महाराष्ट्रात पाच टक्के आरक्षण आहे, पण त्याला मान्यताप्राप्त स्पर्धेतला नंबर लागतो. १० किलोमीटरचं मॅरेथॉन स्विमिंग २००८ पासून ऑलिम्पिकमध्ये आहे, तिथं शर्यत असते, नंबर असतो. एकट्यानं खाडी पोहलात तर नंबर कुणाच्या पुढं लावणार? त्याचा सन्मान साहस म्हणून होतो, तेनझिंग नोर्गे पुरस्कारात पाण्यातल्या साहसाचा वेगळा विभाग आहे, शिवछत्रपती पुरस्कारात पण साहसी क्रीडा आहे. सन्मान वेगळा, नोकरी वेगळी. म्हणून मी तिला म्हटलं की खाडीचं स्वप्न राहू दे, पण आधी १० किलोमीटरच्या राज्य आणि राष्ट्रीय स्पर्धा धर, सर्टिफिकेट गोळा कर. तिला पटलं नाही आधी. तोंड वाकडं केलं. आता करतेय.

तर साहेब मागणी एवढीच आहे की पुढच्या पुरवणीत "यशोगाथा" कमी करा, आणि दर करिअरखाली एक साधा तक्ता द्या, सुरुवातीचा खर्च किती, पहिला पैसा किती वर्षांनी, कोण देतो, वर्षातले कुठले महिने रिकामे, सही करताना काय बघायचं. त्या त्या माणसालाच विचारा, मोटिव्हेशनल स्पीकरला नको. संगीताचं लिहिताना रंगभवनाजवळच्या चर्चमध्ये रविवारी जाऊन उभे राहा, कीबोर्ड वाजवणाऱ्या पोरांना विचारा, तीन भाषांत काम करणारे इथंच सापडतील. पोहण्याचं लिहिताना उजनीच्या होडीवाल्यांना पण विचारा, पाणी त्यांना कळतं. तक्ता भरायला मदत लागली तर रिटर्नची शेवटची तारीख गेल्यावर कधीपण हाक मारा, त्याआधी नको.

आपला,
एक कर सल्लागार, सोलापूर
(नाव छापू नका, दोघं लगेच ओळखू येतील)