‘आता माझा काय उपयोग?’ या प्रश्नाविषयी आई-बाबांना पत्र

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

फोनवर हल्ली निम्मे बोलणे बाबांपर्यंत पोहोचतच नाही, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. बाबा, निवृत्त झाल्यापासून तुम्ही एक प्रश्न वारंवार विचारता: समाजाला आता माझा काय उपयोग? आणि आई, त्यावर तुझे उत्तर ठरलेले असते. माणूस मुळातच मतलबी, गरज सरो आणि वैद्य मरो, तेव्हा उपयोगाची चिंता करूच नये, असे तू म्हणतेस. वरवर पाहता तुमची मते वेगळी आहेत, पण त्यांच्या मुळाशी एकच गृहीत आहे आणि माझा आक्षेप त्यालाच आहे. माणूस आधी एकटा आणि स्वयंपूर्ण असतो, समाज हा त्याने नंतर मांडलेला देण्याघेण्याचा व्यवहार असतो, आणि देण्यासारखे काही उरले नाही की त्या व्यवहारातले त्याचे स्थान संपते, असे तुम्ही दोघेही धरून चालता.

असे मानणारे तुम्हीच पहिले नाहीत. इंग्रज विचारवंत थॉमस हॉब्ज याने १६५१ मध्ये राज्यसंस्थेपूर्वीच्या माणसाचे जे चित्र रंगवले, त्यात प्रत्येकजण प्रत्येकाचा शत्रू होता. विचारवंत रूसो याने १७५५ मध्ये नेमके उलटे चित्र काढले. त्याचा आदिम माणूस रानात एकटा, निरुपद्रवी आणि समाधानी हिंडत होता. या दोघांचे अनुयायी अजून भांडत असले, तरी माणसाची सुरुवात एकटेपणात झाली, याबाबत दोघांचे एकमत होते, आणि माझ्या मते दोघांची चूक झाली ती तिथेच. एकटा माणूस असा कधी नव्हताच. जन्मतः आपल्या मेंदूचा आकार प्रौढ मेंदूच्या एक तृतीयांशही नसतो, पहिले पाऊल टाकायला सुमारे वर्ष लागते आणि स्वतःचे पोट स्वतः भरण्याइतके होईपर्यंत कितीतरी वर्षे जातात. इतके परावलंबी मूल ज्या प्राण्याला होते, तो प्राणी टोळीबाहेर जगलाच नसता.

बालपणाइतकेच आपले म्हातारपणही निसर्गात विलक्षण आहे. बहुतेक सस्तन प्राण्यांच्या माद्या प्रजननक्षमता संपल्यावर फार काळ जगत नाहीत. मनुष्य आणि देवमाशांच्या ऑर्कासारख्या काही जाती यांना मात्र त्यानंतरही दीर्घ आयुष्य असते. असे का, याचा शोध घेताना मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टेन हॉक्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी टांझानियातील हाडझा या शिकार व कंदमुळांवर जगणाऱ्या लोकांचे निरीक्षण केले. तेव्हा त्यांना दिसले की वयस्क स्त्रिया तरुणींपेक्षाही अधिक वेळ अन्न गोळा करण्यात घालवत होत्या, आणि लेक धाकट्या बाळात अडकलेली असताना थोरल्या नातवंडांचे पोषण बरेचसे आजीच्या कष्टांवर अवलंबून होते. मानवी दीर्घायुष्याचे मूळ या आजींमध्ये असावे, असा त्यांचा तर्क आहे. तो सर्वांना मान्य नसला तरी मला पटण्यासारखा वाटतो. मात्र त्यावर सगळा भार टाकण्याची माझी तयारी नाही. कारण मग कंद खणते म्हणून आजी मोलाची, असाच हिशेब पुन्हा होतो, आणि गुडघे दुखू लागले की बाबांचा प्रश्न जिथल्या तिथे.

म्हणून मला अधिक महत्त्वाचा वाटतो तो इराकमधील शानिदार गुहेत १९५७ मध्ये सापडलेला निअँडरथल पुरुषाचा सांगाडा. निअँडरथल हे आपले जवळचे, आता नामशेष झालेले नातलग, आणि हा पुरुष सुमारे ४५,००० वर्षांपूर्वी होऊन गेला. तरुणपणी कधीतरी त्याच्या चेहऱ्याच्या डाव्या बाजूवर जबर आघात झाला होता आणि त्या डोळ्याची दृष्टी बहुधा गेली होती. उजवा हात वाळून कोपरापासून पुढे नाहीसा झाला होता, पायही अधू होता. कानांच्या नळ्यांत हाडाची वाढ झाल्यामुळे त्याला ऐकूही फार कमी येत असावे, असे २०१७ मधील एका अभ्यासाने दाखवले. तरीही त्या जखमा पूर्ण भरून आलेल्या आहेत, म्हणजे त्यानंतर तो अनेक वर्षे जगला आणि त्या काळच्या मानाने वय होऊन गेला. फारसे ऐकू न येणारा, एका हाताचा माणूस हिंस्र श्वापदांच्या प्रदेशात एकट्याच्या बळावर इतकी वर्षे काढू शकत नाही. त्याला कोणी सांभाळले आणि कोणत्या भावनेने, हे हाडे सांगत नाहीत. तो टोळीला काय देत होता, हेही ती सांगत नाहीत, आणि मला वाटते, त्याच्या सोबत्यांनी हा प्रश्न आपल्याइतक्या काटेकोरपणे विचारलाही नसावा.

आई, तू म्हणशील की हा सगळा भाबडेपणा झाला. माणूस चांगला असतो, असा माझा दावा नाहीच. अमेरिकेतील येल विद्यापीठात १९६१ मध्ये मानसशास्त्रज्ञ स्टॅनली मिलग्रॅम यांनी प्रयोग सुरू केले, त्यांत सामान्य माणसांना, समोरचा उत्तर चुकला की त्याला विजेचा झटका द्या, असे सांगितले जाई. झटके खोटे होते, पण देणाऱ्यांना ते खरे वाटत. ४० पैकी २६ जण, पलीकडून कळवळण्याचा आवाज येत असूनही, केवळ सांगितले म्हणून शेवटच्या ४५० व्होल्टच्या खटक्यापर्यंत गेले. तुझे मत सिद्ध करायला हा प्रयोग नेहमी सांगितला जातो, परंतु त्याचाच दुसरा प्रकार फारसा कोणी सांगत नाही. त्यात शेजारी आणखी दोघे बसवले होते, आणि ठरल्याप्रमाणे त्यांनी मध्येच ‘आम्ही हे करणार नाही’ म्हणून काम सोडले. तेव्हा ४० पैकी फक्त ४ जण शेवटपर्यंत गेले.

माणसाचा स्वभाव म्हणून जे आपण म्हणतो, त्यातले बरेचसे शेजारी कोण बसले आहे यावर ठरते, एवढाच अर्थ मी यातून काढते. त्या दोघांनी उपयोगाचे असे काहीच केले नाही. ते तिथे होते, आणि त्यांनी नाही म्हटले. समाजात जगण्याचे प्रयोजन काय, असे मला कोणी विचारले तर मी आधी हेच सांगेन की दुसऱ्याच्या शेजारी असणे, आणि आपल्या असण्याने त्याचा तोल योग्य बाजूला झुकवणे. सेवा, कर्तृत्व, दानधर्म हे त्यानंतर येते, आणि ते सगळ्यांना सगळ्या वयात जमतही नाही.

आता मुद्द्याचे बोलते. बाबा, तुम्ही मित्रांच्या बैठकीला जाणे बंद केले, ते ‘तिथे माझे काय काम’ म्हणून, असे तुम्ही सांगता. मला वाटते, चारजण एकदम बोलू लागले की शब्द लागत नाहीत आणि पुन्हा पुन्हा ‘काय म्हणालात?’ असे विचारण्याचा तुम्हाला संकोच वाटतो, हे खरे कारण आहे. कानाचे मशीन म्हणजे परावलंबन, असे तुमचे मत आहे. पण जन्मभर तुम्ही इतरांना आधार दिलात आणि कोणी तो घेण्यात कमीपणा मानला तर त्याची समजूत काढलीत. घेणे ही जर लाज असेल, तर तुमचे ते सगळे देणेही दुसऱ्याला लाजवणेच ठरते, आणि हे तुम्हाला मान्य होणार नाही, याची मला खात्री आहे.

तेव्हा कानाच्या डॉक्टरांची वेळ घ्या. आधी ते मळ वगैरे नाही ना ते पाहतील, मग ऑडिओमेट्री, म्हणजे किती ऐकू येते याची चाचणी, करतील. मशीन एका कानाला लागेल की दोन्ही, हे त्यानंतरच कळेल. आई, तू बरोबर जा आणि तुझेही कान तपासून घे. मशीन लावल्यावर सुरुवातीला साधे आवाजही फार मोठे वाटतात आणि सवय व्हायला काही आठवडे जातात, म्हणून पहिल्याच दिवशी वैतागून ते कपाटात ठेवू नका. खर्च मी करणार आहे. वेळ कोणत्या दिवशीची मिळाली, ते आईने मला कळवावे.

तुमची,
मुलगी